सांभरचे मीठ आणि सांभरचे पाणी

खारे पाणी म्हटले की मराठी माणसाच्या डोळ्यांपुढे प्रथम समुद्र उभा राहतो. उरण, पेण, भाईंदर, मुलुंड येथील मिठागरे, भरतीचे पाणी वाफ्यांत घेऊन ते उन्हात आटवणारे आगरी, खाजणाच्या कडेची तिवरे आणि १९३० साली शिरोड्याच्या आगरावर कायदेभंगासाठी जमलेले सत्याग्रही ही मिठाशी निगडित असलेली आपली सारी स्मरणे किनाऱ्याला बांधलेली आहेत. त्यामुळे नोकरीच्या निमित्ताने राजस्थानात आलेल्या महाराष्ट्रीयास जेव्हा कळते की, समुद्रापासून शेकडो मैल आत, समुद्रसपाटीपासून सुमारे ३६० मीटर उंचीवर, खाडीसारखा एक अफाट व उथळ खारा जलाशय पसरलेला आहे आणि त्यातून निदान हजार वर्षे मीठ निघत आले आहे, तेव्हा त्यास नवल वाटल्यावाचून राहत नाही. हा जलाशय म्हणजे सांभरचा तलाव होय. तो आता वर्षानुवर्षे अधिकाधिक कोरडा पडू लागला आहे. त्याचा इतिहास चाळू लागले म्हणजे एक गोष्ट वारंवार प्रत्ययास येते. या तलावातून निघालेल्या मिठाचा हिशेब प्रत्येक राजवटीने मोठ्या काटेकोरपणे ठेवला, परंतु ज्या पाण्यातून ते मीठ निघाले त्याचा हिशेब ठेवण्याचे मात्र फारसे कोणास सुचले नाही.

प्रथम तलावाचे स्वरूप पाहू. जयपूरहून पश्चिमेस जोधपूरच्या लोहमार्गाने निघाले की फुलेरा जंक्शनापुढे सांभर हे गाव लागते. गावापासून पश्चिमेकडे तलाव सुरू होतो. त्याची लांबी सुमारे ३५ किलोमीटर असून रुंदी कोठे तीन तर कोठे अकरा किलोमीटर भरते. एवढ्या विस्ताराच्या मानाने त्याची खोली मात्र अगदीच बेताची. चांगला पावसाळा झाला तर मध्यभागी तीन मीटरपर्यंत पाणी साठते, आणि उन्हाळ्यात ते काही बोटांवर येते किंवा पार आटून पांढरी भेगाळलेली जमीन तेवढी उरते. उत्तरेकडून मेंढा आणि दक्षिणेकडून रूपनगढ या दोन प्रमुख नद्या आणि त्यांच्या जोडीला काही लहान ओढे आपले पाणी येथे आणतात. या पाण्याला बाहेर जाण्यास वाट नाही. आलेले पाणी सूर्याने शोषून घ्यावयाचे आणि मागे क्षार ठेवावयाचा, असा येथला क्रम आहे. पूर्वेकडील भाग सुमारे पाच किलोमीटर लांबीच्या दगडी बांधाने वेगळा काढलेला आहे. पश्चिमेकडील पाणी पुरेसे खारे झाले म्हणजे बांधाची दारे उचलून ते पूर्वेकडे घेतात आणि ‘क्यार’ नावाच्या वाफ्यांतून मीठ पिकवतात.

हे मीठ आले कोठून, हा प्रश्न विद्वानांनीही पुष्कळ चर्चिला आहे. हा कोण्या प्राचीन समुद्राचा मागे राहिलेला तुकडा असावा, अशी समजूत एके काळी प्रचलित होती. १९०९ साली भूवैज्ञानिक सर्वेक्षण खात्यातील हॉलंड आणि क्रिस्टी यांनी निराळे मत मांडले. उन्हाळ्यात नैर्ऋत्येकडून वाहणारे जोरदार वारे कच्छच्या रणातील मिठाची सूक्ष्म धूळ उचलून राजस्थानात आणून टाकतात आणि पावसाचे पाणी ती धुऊन तलावात लोटते, असे त्यांचे प्रतिपादन होते. पुढील काळात पाण्याचे व गाळाचे जे परीक्षण झाले त्यातून असे दिसून आले की, येथले पाणी समुद्राचे नसून पावसाचेच आहे. भोवतालच्या खडकांची झीज होऊन सुटलेले क्षार आणि अखंड बाष्पीभवन यांचा या खारेपणात मोठा वाटा आहे. कारण कोणतेही मानले तरी एक गोष्ट निर्विवाद ठरते. कोकणच्या मिठागराला दिवसातून दोनदा भरती येते आणि तिला कोणाची परवानगी लागत नाही. सांभरला मात्र भरती वर्षातून एकदाच, पावसाळ्यात, नद्यांच्या वाटेने येते. ती वाट अडली की तलाव संपला. कोकणातून आलेल्या आपल्या दृष्टीला हा भेद चटकन जाणवत नाही, परंतु पुढील सारा इतिहास या एका भेदावर उभा आहे.

लोकपरंपरेत या तलावाचा संबंध शाकंभरी देवीशी जोडलेला आहे. देवीने प्रसन्न होऊन येथील वनभूमीचे रूपांतर चांदीच्या मैदानात केले. एवढ्या संपत्तीपायी आपसांत कलह माजतील या भयाने लोकांनी तिची करुणा भाकली, तेव्हा तिने त्या चांदीचे मीठ केले, अशी ती कथा आहे. ‘पृथ्वीराजविजय’ या संस्कृत काव्यात हा क्षारतलाव चौहान कुळाच्या वासुदेव राजास एका विद्याधराकडून लाभल्याचे सांगितले आहे. चौहानांचे हे घराणे शाकंभरीचे म्हणूनच प्रसिद्धी पावले. सांभरगावात देवयानीच्या नावाचे एक मोठे कुंडही आहे. शर्मिष्ठेने देवयानीला ज्या विहिरीत लोटले ती हीच, असे तेथील लोक मानतात. खाडिलकरांच्या ‘विद्याहरणा’मुळे आणि खांडेकरांच्या ‘ययाति’मुळे ज्यांना कच, देवयानी आणि शर्मिष्ठा घरच्या माणसांसारखी परिचित झाली आहेत, त्या मराठी वाचकास या कुंडाच्या पायऱ्यांवर आपण अगदीच परमुलखात आहोत असे वाटणार नाही.

देवीने चांदीचे मीठ केले खरे, पण कलह काही टळला नाही. १५६२ साली अकबराचा आमेरच्या राजा भारमलाच्या कन्येशी विवाह झाला तो याच सांभरगावी. आणि त्यानंतर तलावाच्या मिठाचे उत्पन्न बादशाही हिशेबात दाखल झाले. औरंगजेबाच्या मृत्यूनंतर १७०८ साली सवाई जयसिंह आणि जोधपूरचा अजितसिंह यांनी एकत्र येऊन सांभर येथे मोगल फौजेचा पराभव केला. मिठाच्या उत्पन्नाची दोघांत वाटणी झाली आणि सांभर हे दोन्ही राज्यांचे सामाईक ठाणे बनले. ही सामाईक व्यवस्था संस्थाने विलीन होईपर्यंत कोणत्या ना कोणत्या स्वरूपात टिकून होती. दोन राजांनी मिळून एक तलाव भोगावा हा प्रकार आपल्या इतिहासात विरळाच. पण या भागीदारीतही वाटणी झाली ती पैशाची. नद्यांच्या पाण्याची वाटणी करण्याचे कारणच त्या काळी पडले नव्हते, कारण त्या नद्या कोणी अडवीत नव्हते.

या मुलखात मराठ्यांचा संचार किती होता हे महाराष्ट्रीय वाचकास सांगावयास नको. १७५५ साली नागौरजवळ जयाप्पा शिंद्यांचा घात झाला. १७९० साली पाटण व मेडता येथे महादजींच्या फौजांनी राजपुतांवर जय मिळविले आणि अजमेर पुढे १८१८ पर्यंत शिंद्यांकडे राहिले. सांभर हे जयपूर आणि अजमेर यांच्या दरम्यान येते. येथील मीठ बंजाऱ्यांच्या बैलांवरून माळव्यात आणि गंगायमुनांच्या दुआबात जात असे. अशा स्थितीत खंडणी वसूल करीत फिरणाऱ्या फौजांची नजर या रोकड उत्पन्नाकडे न वळती तरच आश्चर्य. त्या धामधुमीत सांभर काही काळ मराठ्यांच्या आणि पुढे अमीरखानाच्या कबजात गेले होते. आपल्या पूर्वजांनीही या तलावाकडे पाहिले ते पैशाच्याच दृष्टीने, हे येथे प्रांजळपणे नमूद करावयास हवे. त्यांना दोष देण्याचे कारण नाही, कारण त्या काळी कोणाचीच दृष्टी याहून निराळी नव्हती.

इंग्रजांच्या काळात हाच हिशेब अधिक शिस्तीने लिहिला गेला. शेखावाटीतील बंदोबस्ताचा खर्च भरून काढण्यासाठी कंपनी सरकारने १८३५ ते १८४३ या काळात सांभरचे मीठ आपल्या हाती घेतले होते. कायमचा करार झाला तो मात्र १८६९-७० मध्ये. जयपूर आणि जोधपूर या दोन्ही दरबारांशी तह करून सरकारने तलाव पट्ट्याने घेतला आणि त्याबद्दल वर्षास सात लक्ष रुपये देण्याचे ठरले. त्यांपैकी पावणेतीन लक्ष जयपूरला आणि सव्वाचार लक्ष जोधपूरला मिळावयाचे होते. यामागचे कारण ध्यानात घेण्याजोगे आहे. संस्थानी मुलखातील करमुक्त मीठ ब्रिटिश मुलखात येऊ नये म्हणून सिंधूपासून महानदीपर्यंत दोन हजार मैलांहून लांब अशी जकातीची सरहद्द आखली होती. तिच्या मोठ्या भागावर काटेरी कुंपण वाढविलेले असून पहाऱ्यास सुमारे बारा हजार माणसे नेमलेली होती. मीठ पिकते तेथेच ते ताब्यात घेतले तर हे कुंपण हवे कशाला, या विचाराने सांभर पट्ट्याने घेतला गेला आणि १८७९ साली ती सरहद्द मोडण्यात आली. तोवर सांभरपर्यंत आगगाडीही येऊन पोहोचली होती. बंजाऱ्यांचे बैल मागे पडले आणि वाघिणी भरू लागल्या.

या सर्व प्रकरणात एका अनपेक्षित नोंदीचा उल्लेख करणे अवश्य आहे. संस्थानिकांशी मिठाच्या वाटाघाटी करणारे जकात आयुक्त म्हणजे ॲलन ऑक्टेव्हियन ह्यूम. १८८५ साली राष्ट्रीय सभेच्या स्थापनेत पुढाकार घेणारे ह्यूम ते हेच. पक्षिशास्त्राचा त्यांना जबर नाद होता. त्यांनी सुरू केलेल्या ‘स्ट्रे फेदर्स’ या नियतकालिकाच्या पहिल्याच खंडात, १८७३ साली, जकात खात्यातील आर. एम. ॲडम या अधिकाऱ्याने सांभर तलाव आणि त्याच्या परिसरातील पक्ष्यांविषयी एक विस्तृत टिपण प्रसिद्ध केले. घरापासून दूर, रुक्ष मुलखात नेमणूक झालेला हा कारकुनी पेशाचा माणूस फावल्या वेळी तलावाच्या काठाने हिंडला आणि जे दिसले ते तारीखवार लिहून ठेवता झाला. मिठाच्या मणांपलीकडे जाऊन या तलावावर काय जगते याची पद्धतशीर नोंद घेतली गेली ती अशी, आणि तीही मिठाच्याच खात्यातील एका मनुष्याकडून. आपणांपैकी जे परमुलखात फायलींच्या सहवासात दिवस काढतात, त्यांना या उदाहरणात थोडा दिलासा सापडावा.

स्वातंत्र्याबरोबर मिठाचा कर गेला, पण फाळणीने मिठाची टंचाई आणली. झेलम जिल्ह्यातील खेवड्याच्या खाणी, म्हणजे आपल्या उपवासाच्या सैंधवाचे माहेरघर, पाकिस्तानात गेल्या. जयपूरमधील ज्या राजा पार्क वस्तीत प्रस्तुत लेखक राहतो, ती वस्ती त्याच फाळणीत घरदार सोडून आलेल्या पंजाबी व सिंधी कुटुंबांनी आकारास आणली. एकाच घटनेने माणसे इकडे आली आणि मीठ तिकडे राहिले. अशा वेळी देशातील समुद्रकाठची आगरे आणि सांभर यांच्यावरच सारी भिस्त होती. १९५३ पर्यंत भारत मिठाच्या बाबतीत स्वयंपूर्ण झाला. १९५८ मध्ये हिंदुस्थान सॉल्ट्स ही सरकारी कंपनी निघाली आणि १९६४ मध्ये तिची व राजस्थान सरकारची भागीदारी असलेली सांभर सॉल्ट्स ही कंपनी स्थापन झाली. देशाच्या मीठ आयुक्तांचे मुख्यालयही जयपुरातच ठेवले गेले. राजा पार्कपासून फारसे दूर नसलेल्या झालाना भागातील लवणभवनात ते आहे. मुंबईच्या मुलुंड-भांडुपकडील मिठागरांच्या जमिनींचे कागद ज्या खात्याच्या दप्तरात असतात, त्याचे मुख्य दप्तर असे मरुभूमीच्या तोंडाशी आहे, ही गोष्ट मुंबईत राहणाऱ्या फारच थोड्यांना ठाऊक असेल. एवढे होऊनही आज राजा पार्कच्या वाण्याकडे मिठाची पिशवी घेतली तर तिच्यावर बहुधा गुजरातचा पत्ता आढळतो, कारण देशातील तीन चतुर्थांशाहून अधिक मीठ आता गुजरातच्या किनाऱ्यावर पिकते.

याच काळात तलावाला दुसरी ओळख मिळाली. १९९० च्या मार्च महिन्यात आंतरराष्ट्रीय महत्त्वाची पाणथळ जागा म्हणून रामसर करारान्वये सांभरची नोंद झाली. महाराष्ट्रातील लोणारच्या खाऱ्या सरोवराला ही मान्यता २०२० साली आणि ठाण्याच्या खाडीला २०२२ साली मिळाली. म्हणजे या बाबतीत सांभर त्यांचा वडील भाऊ ठरतो. ठाण्याच्या खाडीत आणि उजनीच्या फुगवट्यावर ज्या रोहित पक्ष्यांचे थवे पाहावयास आपल्याकडे गर्दी लोटते, तेच पक्षी हिवाळ्यात हजारोंच्या संख्येने सांभरला उतरतात. खाऱ्या पाण्यात वाढणारे सूक्ष्म शेवाळ आणि जीव हे त्यांचे अन्न होय. २०२० च्या जून महिन्यात लोणारचे पाणी एकाएकी गुलाबी झाले तेव्हा महाराष्ट्रभर त्याचा गवगवा झाला. सांभरच्या क्यारांमध्ये ते रंग प्रतिवर्षी दिसतात. अतिखाऱ्या पाण्यात जगणाऱ्या सूक्ष्मजीवांची ती किमया आहे.

आता मुख्य प्रश्नाकडे वळू. तलाव आटतो आहे असे म्हटले की कोणी सहज विचारील, तो तर पूर्वीपासूनच आटत आला आहे, मग आज चिंता कसली? आक्षेप रास्त आहे. तलावाच्या गाळातील परागकणांचा अभ्यास गुरदीप सिंह आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९७४ मध्ये प्रसिद्ध केला. त्यावरून या प्रदेशात हजारो वर्षे ओले आणि कोरडे काळ आलटून पालटून येत गेले असे दिसते. दर उन्हाळ्यात पाणी आटणे हा तर तलावाचा धर्मच आहे, नाहीतर मीठ कसे पिकावे? परंतु पाऊस न पडल्यामुळे तलाव कोरडा राहणे निराळे आणि पाऊस पडूनही पाणी न पोहोचणे निराळे. तलावाचे पाणलोट क्षेत्र ५,००० चौरस किलोमीटरांहून मोठे आहे. गेल्या काही दशकांत मेंढा आणि रूपनगढ या नद्यांवर व त्यांच्या उपओढ्यांवर ठिकठिकाणी लहान बंधारे झाले. वाळूचा उपसा वाढला. तलावाच्या काठावर, आणि कोठे कोठे थेट तळाशीही, खासगी मीठ-उत्पादकांनी विंधणविहिरी खोदून जमिनीखालचे खारे पाणी पंपांनी ओढण्यास आरंभ केला. याविषयीचे वाद राष्ट्रीय हरित लवादापर्यंत गेले. थोडक्यात, वरून येणारे पाणी वाटेत थांबते आणि खाली असलेले पाणी वर ओढले जाते.

बंधारे बांधणारा शेतकरी येथे खलनायक नव्हे. वर्षाकाठी जेमतेम ५०० मिलिमीटर पाऊस पडणाऱ्या मुलखात ज्याने आपल्या शिवारातले पाणी अडविले, त्याने आपल्या मते पुण्यच जोडले. ‘पाणी अडवा, पाणी जिरवा’ ही घोषणा आपणही महाराष्ट्रात उच्चरवाने दिलेली आहे. क्यारांत अनवाणी राबणारा मजूरही दोषी नव्हे, त्याची चूल या मिठावर पेटते. अडचण अशी की, प्रत्येक बंधाऱ्याचा, प्रत्येक विहिरीचा आणि प्रत्येक क्याराचा कागद निरनिराळ्या कचेरीत असतो. शेती, पाटबंधारे, महसूल, वन आणि मीठ या खात्यांपैकी प्रत्येकाचे दप्तर आपापल्या परीने चोख असू शकते. तथापि या सर्वांची बेरीज करून तलावाच्या वाट्याला किती पाणी उरले हे सांगणारे पान कोणत्याच दप्तरात सहजी सापडत नाही.

या दुर्लक्षाचे फळ २०१९ च्या नोव्हेंबरात दिसले. त्या वर्षी पाऊस उत्तम होऊन तलाव बऱ्याच वर्षांनी चांगला भरला होता. पक्षी मोठ्या संख्येने उतरले आणि थोड्याच दिवसांत काठाकाठाने मरून पडू लागले. सरकारी गणनेप्रमाणे मृतांची संख्या अठरा हजारांवर गेली. बरेलीच्या पशुवैद्यक संशोधन संस्थेने बॉट्युलिझम हे निदान केले. प्राणवायू नसलेल्या उबदार चिखलात वाढणाऱ्या जिवाणूंच्या विषाने ही बाधा होते, आणि मेलेल्या पक्ष्यांवरील अळ्या खाऊन ती पुढच्या पक्ष्यांत पसरते. राजस्थान उच्च न्यायालयाने या प्रकरणाची स्वतःहून दखल घेतली. पाणी आले तेव्हाच पक्षी मेले, हे पाहून कित्येकांना कोडे पडले. वस्तुतः त्यात इतके नवल नाही. ज्या तलावावर रोजची देखरेख आहे, तेथे पहिले शेकडा पक्षी पडताच ते उचलले जातात आणि साथ आवरते. ज्याची आठवण केवळ संकटाच्या वेळी होते, तेथे पहिला आकडाच हजारांत कळतो.

तलाव अजिबात कोरडा पडला तर काय होते याचे उदाहरण मध्य आशियातील अरल समुद्राने घालून दिले आहे. १९६० पूर्वी तो जगातील चौथ्या क्रमांकाचा अंतर्गत जलाशय गणला जाई. कापसाच्या शेतीसाठी त्याला मिळणाऱ्या दोन नद्यांचे पाणी वळविले गेले आणि अर्ध्या शतकात त्याचा अगदी थोडा अंश शिल्लक राहिला. उघड्या पडलेल्या तळावरील क्षार वाऱ्याबरोबर उडून भोवतालच्या शेतांत आणि माणसांच्या श्वासात शिरला. ज्या कापसासाठी पाणी घेतले त्याच कापसाच्या जमिनी खारावल्या. हॉलंड आणि क्रिस्टी यांनी सांभरला मीठ आणणारा वारा पाहिला होता. तळ कायमचा उघडा पडला तर तेच वारे येथले मीठ उचलून पुढच्या शेतांकडे नेतील, आणि नदी अडवून ज्याने आपले शिवार भिजविले त्याच्याच शिवारावर ते येऊन पडेल.

उपाय अद्भुत नाहीत. बंधारे सरसकट मोडावेत असे कोणी शहाणा म्हणणार नाही. परंतु प्रत्येक पावसाळ्यात दोन्ही नद्यांतून किती पाणी तलावात उतरलेच पाहिजे हे एकदा ठरवावे, ते मोजण्याची सोय नद्यांच्या मुखाशी करावी, तळातील बेकायदा उपसा बंद पाडावा आणि पक्ष्यांची नोंद ॲडमने ठेवली तशी, पण आता दरवर्षी व नेमाने ठेवावी. १७०८ साली दोन राजांनी तलावाचे उत्पन्न वाटून घेतले आणि १८७० साली त्या वाटणीचे आकडे रुपयांपर्यंत कागदावर आले. सात लक्षांची विभागणी ज्या काळजीने झाली, त्याच काळजीने आता पाण्याची व्हावयास हवी, आणि त्या वाटणीत शेतकरी व मीठकामगार यांच्या जोडीला खुद्द तलावही एक हिस्सेदार म्हणून लिहिला गेला पाहिजे. आम्हां कारकुनांची श्रद्धा अशी आहे की, ज्या गोष्टीचे खाते उघडलेले नसते ती गोष्ट सरकारदरबारी अस्तित्वातच नसते. सांभरच्या मिठाचे खाते शेकडो वर्षे चालू आहे. त्याच्या पाण्याचे खाते उघडण्यास आता अधिक विलंब लावणे परवडणारे नाही.